भाषणस्वातंत्र्य : कायद्याचे आणि गावाचे

३१ जानेवारी १९२० रोजी बाबासाहेबांचे 'मूकनायक' मुंबईत सुरू झाले. त्याची जाहिरात पैसे घेऊन छापावी, अशी विनंती 'केसरी'ला करण्यात आली होती. 'केसरी'ने ती छापली नाही, असे चरित्रकार धनंजय कीर यांनी नोंदवून ठेवले आहे. त्या वेळी टिळक हयात होते. टिळक म्हणजे लेखणीपायी दोनदा तुरुंगात गेलेला संपादक. १८९७ साली दीड वर्षाची शिक्षा, १९०८ साली सहा वर्षांची आणि मंडाले. भारतीय दंडसंहितेच्या १२४-अ ह्या कलमाखाली झालेले हे दोन्ही खटले आपल्या वृत्तपत्रस्वातंत्र्याच्या इतिहासात ठळक अक्षरांत येतात. न छापलेल्या जाहिरातीला त्या इतिहासात जागा नाही. असणार तरी कशी? तिच्यासाठी सरकारी हुकूम निघाला नव्हता, जामीन मागितला गेला नव्हता, न्यायाधीश बसला नव्हता. एका छापखान्याने नकार दिला, एवढेच.

१९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने बाबासाहेबांना अध्यक्ष म्हणून बोलावले आणि छापलेले भाषण वाचून परिषदच रद्द केली. तेव्हाही इंग्रज सरकार मध्ये आले नाही. बाबासाहेबांनी ते भाषण स्वतःच्या खर्चाने पंधराशे प्रतींत प्रसिद्ध केले आणि दोन महिन्यांत त्या संपल्या. जातपात तोडायला निघालेल्या सुधारकांनाही हे बोलणे ऐकवेना. ह्या प्रसंगाला भाषणस्वातंत्र्याचा भंग म्हणायचे की नाही, हा प्रश्न आपल्या विद्वानांनी कधी गंभीरपणे घेतलेला नाही.

म्हणून कोणत्या देशात किती भाषणस्वातंत्र्य आहे, याचे जे तक्ते मांडले जातात, ते वाचताना आपल्या माणसाला काहीतरी सुटल्यासारखे वाटते. तक्ता करणारा राज्यघटना उघडतो, सरकार काय बोलू देते आणि काय बोलू देत नाही ते पाहतो, आणि देशांची प्रतवारी लावतो. गावकुसाबाहेरच्या माणसाचा अनुभव असा की त्याची जीभ सरकारने क्वचित बांधली. गावाने रोज बांधली. हा अनुभव फक्त आपलाच आहे काय? तसे असते तर त्याला हिंदू समाजाचा एक विशेष रोग म्हणून बाजूला ठेवता आले असते. पण ज्या देशाचा कायदा ह्या बाबतीत सर्वांत उदार समजला जातो, त्या अमेरिकेच्या इतिहासातही हेच दिसते आणि फार स्पष्ट दिसते.

अमेरिकेच्या घटनेची पहिली दुरुस्ती १७९१ सालची. भाषणाचे किंवा मुद्रणाचे स्वातंत्र्य कमी करणारा कायदा काँग्रेस करणार नाही, असे ती सांगते. तीत 'वाजवी निर्बंध' नाहीत, 'परंतु' नाही. मात्र वाक्याचा कर्ता काँग्रेस आहे, म्हणजे मध्यवर्ती विधिमंडळ. घटकराज्यांना हे बंधन लागू नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १८३३ साली स्पष्टच सांगितले. आणि गुलामांचा मालक राहत होता तो घटकराज्यात.

१८२९ साली बोस्टनमध्ये जुन्या कपड्यांचे दुकान चालवणाऱ्या डेव्हिड वॉकर नावाच्या काळ्या माणसाने गुलामगिरीविरुद्ध एक जळजळीत पुस्तिका छापली. खलाशांच्या कपड्यांत शिवून ती दक्षिणेत जात असे, असे सांगतात. दक्षिणेतल्या राज्यांनी अशा लिखाणाविरुद्ध कडक कायदे केले. नॉर्थ कॅरोलिनाने १८३० साली गुलामाला लिहायला-वाचायला शिकवणे हाच गुन्हा ठरवला. शूद्राला वेदाचे शब्द ऐकण्याची बंदी करणारी स्मृती ज्यांच्या घरात होती, त्यांना ह्यात नवल वाटू नये. बोलण्याचे स्वातंत्र्य काढून घेण्याचा सर्वांत स्वस्त उपाय म्हणजे अक्षर काढून घेणे, हे दोन्हीकडच्या मालकांना ठाऊक होते.

पुढे १८३५ साली चार्ल्स्टनच्या टपालकचेरीत जमाव घुसला आणि गुलामगिरीविरोधी पत्रके रस्त्यावर जाळली. देशाच्या टपालखात्याच्या प्रमुखाने जमावाला नव्हे, पत्रके पाठवणाऱ्यांना दोष दिला. १८३६ ते १८४४ ह्या काळात प्रतिनिधिगृहाने गुलामगिरीविरोधी अर्ज चर्चेलाच घ्यायचे नाहीत असा नियम चालवला. १८३७ च्या नोव्हेंबरात इलिनॉयमधील आल्टन येथे एलिजा लव्हजॉय हा गोरा संपादक आपला छापखाना वाचवताना जमावाच्या गोळीने मेला. त्याच्या आधीची यंत्रे जमावाने यापूर्वीच मोडली होती. पहिली दुरुस्ती ह्या सर्व काळात अक्षरशः शाबूत होती. तिच्या एका शब्दालाही कोणी हात लावला नव्हता.

यादवी युद्ध झाले, गुलामगिरी गेली. जोतीरावांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या ज्या सज्जनांना अर्पण केली, त्यांचा पराक्रम खराच मोठा होता. पण दहाच वर्षांनी, १८८३ साली, तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने एक निकाल दिला, आणि आपल्या दृष्टीने अमेरिकन इतिहासातला हा निकाल सर्वांत महत्त्वाचा आहे. काँग्रेसने १८७५ साली कायदा केला होता की खाणावळ, आगगाडी, नाटकगृह येथे रंगावरून कोणाला अडवता येणार नाही. न्यायालयाने तो रद्द केला. कारण असे दिले की समतेची हमी देणारी चौदावी दुरुस्ती राज्याला बांधते. खाणावळवाल्याला, गाडीवाल्याला, शेजाऱ्याला बांधत नाही. सरकारने अन्याय केला तर कोर्टात या, समाजाने केला तर घरी जा, असा ह्या निकालाचा व्यवहारातला अर्थ.

हा अर्थ आयडा वेल्स हिने अंगावर घेतला. ती १८६२ साली मिसिसिपीतल्या हॉली स्प्रिंग्ज येथे गुलाम आईबापांच्या पोटी जन्मली. शिक्षिका झाली, मग मेम्फिस शहरात एका वृत्तपत्राची भागीदार आणि संपादक. त्या पत्राचे नाव 'फ्री स्पीच' होते. मुक्त भाषण! १८९२ च्या मार्चमध्ये तिचा मित्र टॉमस मॉस आणि त्याचे दोन सहकारी यांना जमावाने तुरुंगातून ओढून काढून ठार मारले. मॉस हा पोस्टमन होता, आणि तिघांचा मुख्य अपराध असा की त्यांचे किराणा दुकान जवळच्या गोऱ्या दुकानदारापेक्षा बरे चालू लागले होते. वेल्सने लिहिले की हे शहर सोडा. आणि हजारो काळी माणसे मेम्फिस सोडून गेली. ज्यांनी सोडले नाही त्यांनी ट्रामवर बसणे सोडले. मग तिने अशा खुनांची एकेक हकीगत तपासायला घेतली. गोऱ्या स्त्रीवर बलात्कार केला म्हणून काळ्याला मारले, असे दर वेळी सांगितले जाई. ते बहुतेक वेळा खोटे असते आणि कित्येकदा संबंध राजीखुशीचा असतो, असे तिने मे महिन्यात छापले. गोऱ्यांच्या वर्तमानपत्रांनी उघडपणे सूड मागितला. जमावाने कचेरी फोडली, सामान नष्ट केले. वेल्स त्या वेळी बाहेरगावी होती म्हणून जगली. परत आलीस तर मारू, असा निरोप तिला पोचला. ती मेम्फिसला परतली नाही. न्यूयॉर्कमधून लिहीत राहिली.

ह्या सबंध प्रकरणात सरकारने केले काय? काहीच नाही. पत्र जप्त केले नाही, खटला भरला नाही. 'फ्री स्पीच' बंद पडले तेव्हा अमेरिकेत भाषणस्वातंत्र्य होते, आणि ते मेम्फिसमध्येही होते. कायद्याच्या भाषेत हे वाक्य बिनचूक आहे.

१८९३ आणि १८९४ साली वेल्स इंग्लंडात गेली आणि तिथे सभा गाजवल्या. इंग्लंडला लिखित घटना नाही, पहिली दुरुस्ती नाही. तरी जे तिला मेम्फिसमध्ये बोलता येत नव्हते ते तिथल्या सभागृहांत बोलता आले आणि इंग्रजी वर्तमानपत्रांनी ते छापले. तिला बोलावणारी होती कॅथरिन इंपी ही क्वेकर बाई. समरसेटमधल्या स्ट्रीट ह्या लहान गावातून ती १८८८ पासून एक मासिक काढीत असे, आणि त्याचे नाव होते 'अँटी-कास्ट'. आमचा शब्द इतका दूर जाऊन पोचला होता! रंगभेदाला 'कास्ट' म्हणणे त्या काळात तिकडे रूढच होते. आपल्याकडे मात्र दोहोंची तुलना केली की भुवया उंचावतात.

पण इंग्रजांचे कौतुक करताना हात आखडता घ्यावा लागतो. वेल्सला व्यासपीठ देणारे हेच राष्ट्र हिंदुस्थानात १८७० सालापासून १२४-अ चालवीत होते. देशी भाषांतल्या पत्रांसाठी १८७८ साली वेगळा कायदा करून इंग्रजी पत्रांना त्यातून मोकळे ठेवत होते. राणी एक आणि स्वातंत्र्य दोन. देशागणिक स्वातंत्र्य वेगळे असते असे आपण म्हणतो, पण एकाच राज्याच्या छत्राखाली ते माणसागणिकही वेगळे असते.

हा सारा इतिहास बाबासाहेबांना पुस्तकातून आणि डोळ्यांनी माहीत होता. १९१३ ते १९१६ ते न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात होते. १९४६ साली त्यांनी डब्ल्यू. ई. बी. द्युबॉय यांना पत्र लिहून, संयुक्त राष्ट्रांकडे जाणाऱ्या निग्रोंच्या अर्जाची प्रत मागवली होती. (ह्याच द्युबॉयना अमेरिकन सरकारने १९५१ साली परकीयांचे हस्तक म्हणून आरोपी केले, ते निर्दोष सुटले, पण पासपोर्ट अडकला तो १९५८ पर्यंत. पॉल रोबसन यांचेही तेच.) ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत मसुदा मांडताना, अमेरिकेतले हक्क निरपेक्ष आणि आमचे मात्र निर्बंधांनी पोखरलेले, ह्या टीकेला त्यांनी उत्तर दिले. दाखला घेतला गिटलो खटल्याचा. १९२५ सालच्या त्या निकालाने भाषणाचा हक्क घटकराज्यांविरुद्धही चालतो असे मानले आणि त्याच दमात एका जाहीरनाम्यासाठी गिटलोची शिक्षा कायम केली. अमेरिकेत निर्बंध न्यायाधीश घालतात, आम्ही ते घटनेत लिहून ठेवतो, एवढाच फरक, असा त्यांचा मुद्दा होता.

ह्याहून मोठा फरक मसुद्यात होता आणि त्याची चर्चा फार कमी होते. १८८३ च्या निकालाने अमेरिकेत जे दार बंद केले, ते आमच्या घटनेने उघडले. कलम १५ च्या दुसऱ्या पोटकलमाने दुकान, उपाहारगृह, विहीर, तलाव, रस्ता यांबाबत एका नागरिकाचा दुसऱ्या नागरिकाविरुद्धचा हक्क लिहिला. कलम १७ ने अस्पृश्यता पाळणाऱ्या कोणाही माणसाला बांधले. सरकारी नोकर असो वा गावचा पाटील. चवदार तळ्याचा अनुभव घेतलेल्या माणसाचा हात ह्या ओळींवर दिसतो. मुंबई कायदेमंडळाचा १९२३ चा बोले ठराव होता, महाड नगरपालिकेचा १९२४ चा ठराव होता. सरकार कागदावर बाजूने होते. २० मार्च १९२७ रोजी डोकी फोडली ती गावाने.

तरी आपल्या घटनेची बाजू घेताना एक अवघड गोष्ट मान्य केली पाहिजे. अमेरिकेच्या पहिल्या दुरुस्तीने भाषण वाढवले, आमच्या पहिल्या दुरुस्तीने आखडले, असे सुशिक्षित वर्तुळात म्हटले जाते. मे १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मद्रासच्या आणि दिल्लीच्या सरकारांचे 'क्रॉस रोड्स' आणि 'ऑर्गनायझर' यांविरुद्धचे हुकूम रद्द केले, एक डावे पत्र आणि एक उजवे. वर्षभराने, जून १९५१ मध्ये, कलम १९(२) मध्ये 'सार्वजनिक सुव्यवस्था' हे शब्द घातले गेले. 'वाजवी' हा शब्दही तेव्हाच आला, हे टीकाकार सहसा सांगत नाहीत. आणि ह्याच दुरुस्तीने कलम १५(४) आले, ज्याच्या पायावर शिक्षणातल्या राखीव जागा उभ्या आहेत. कारण मद्रासचा राखीव जागांचा हुकूमही न्यायालयाने रद्द केला होता. कायदेमंत्री म्हणून बाबासाहेबांनी संसदेत ह्या दुरुस्तीचे समर्थन केले. एकाच कागदावर आपल्या मुलाला महाविद्यालयाचे दार उघडले आणि आपल्या लेखकाच्या मागे 'सुव्यवस्थे'चा शिपाई उभा राहिला. त्या शिपायाची नजर गेल्या सत्तर वर्षांत कोणावर अधिक राहिली, हे प्रत्येक चळवळीतल्या माणसाला ठाऊक आहे. 'सुव्यवस्था' बिघडते ती सहसा दलित वस्तीत सभा भरली म्हणजे.

तिकडे अमेरिकेत भाषणाचा हक्क जो रुंदावला तो काळ्यांच्या लढ्यामुळे, हेही विसरता कामा नये. मार्च १९६० मध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांच्या चळवळीच्या मदतीसाठी 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये एक जाहिरात आली. तिच्यात काही किरकोळ तपशील चुकले होते. मॉन्टगोमेरीच्या एका गोऱ्या नगर-आयुक्ताने अब्रुनुकसानीचा दावा लावला आणि अलाबामाच्या ज्यूरीने पाच लाख डॉलर भरपाई ठरवली. पत्राबरोबर चार काळे धर्मोपदेशकही प्रतिवादी होते; निकाल लागताच त्यांच्या मोटारी जप्त झाल्या. १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल फिरवला. सरकारी अधिकाऱ्याविषयीचे विधान खोटे आहे हे बोलणाऱ्याला माहीत होते, किंवा खरेखोटे त्याने बेपर्वाईने पाहिलेच नाही, हे सिद्ध झाल्याशिवाय भरपाई नाही. आज जगभरचे पत्रकार ज्या तत्त्वाचा हेवा करतात ते ह्या चार उपदेशकांच्या मोटारींवरून आले.

आणि मग त्याच वाटेने दुसरेही कोणी आले. १९६९ साली ओहायोतल्या कू क्लक्स क्लॅनच्या एका पुढाऱ्याची शिक्षा न्यायालयाने रद्द केली: ताबडतोब घडणाऱ्या बेकायदा कृत्याला चिथावणी नसेल, तर नुसत्या विद्वेषाच्या भाषणाला शिक्षा नाही. जर्मनीने आपल्या अनुभवावरून उलट रस्ता धरला. समूहांविरुद्ध द्वेष पसरवणे हा तिथे गुन्हा आहे आणि ज्यूंचे हत्याकांड नाकारणे १९९४ पासून स्पष्ट गुन्हा आहे. आपणही जर्मनीच्या बाजूला आहोत. १९५५ च्या कायद्याने अस्पृश्यतेचा प्रचार गुन्हा ठरला, १९८९ च्या अत्याचारप्रतिबंधक कायद्याने लोकांदेखत जातीवरून अपमान करणे गुन्हा ठरला. मला हे योग्य वाटते. ज्या शिवीमागे अख्खे गाव उभे असते तिला 'मत' म्हणणे ही थट्टा आहे. पण 'लोकांदेखत' ह्या शब्दातली पळवाट पाहा: चार भिंतींच्या आत, बाहेरचे कोणी हजर नसताना केलेला अपमान ह्या कलमात बसत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितले. मालकाच्या घरात काम करणाऱ्या बाईला भिंतीच्या आतच शिवी बसते.

दोन देशांतले अंतर एका प्रसंगजोडीवरून नेमके मोजता येते. जून १९६६ मध्ये जेम्स मेरेडिथ ह्या काळ्या कार्यकर्त्यावर मिसिसिपीत गोळी झाडल्याची बातमी सिडनी स्ट्रीट ह्या ब्रुकलिनमधल्या काळ्या माणसाने रेडिओवर ऐकली. दुसऱ्या महायुद्धात लढलेला माणूस तो. घरातला राष्ट्रध्वज घेऊन तो चौकात गेला आणि जाळला. हे असे होत असेल तर हा ध्वज आपल्याला काय कामाचा, अशा अर्थाचे बोलला. १९६९ साली सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार अशा मतांनी त्याची शिक्षा रद्द केली. जाळण्याचा प्रश्न बाजूला ठेवून न्यायालय म्हणाले की शिक्षा त्याच्या शब्दांसाठी झालेली असू शकते, आणि ध्वजाविषयीच्या शब्दांना शिक्षा देता येत नाही.

आपल्याकडे १९७१ साली राष्ट्रीय प्रतीकांच्या अवमानाचा कायदा झाला. त्यात ध्वजाचा अवमान कृतीने करा, बोलून करा किंवा लिहून करा, तीन वर्षांपर्यंत कैद. पुढच्याच वर्षी, १५ ऑगस्ट १९७२ च्या 'साधना' विशेषांकात, राजा ढाले यांचा काळ्या स्वातंत्र्यदिनावरचा लेख आला. दलित स्त्रीला नागवे करणाऱ्याला जी क्षुल्लक शिक्षा होते तिच्याशी ध्वजाच्या अवमानाची शिक्षा त्यांनी ताडून पाहिली. स्ट्रीटचा आणि ढाल्यांचा सवाल एकच होता, आणि ढाल्यांनी काही जाळलेही नव्हते. महाराष्ट्रात जो गदारोळ झाला तो भाषेवरून झाला. आकड्यांवरून झाला नाही. नागव्या केलेल्या बाईविषयी ज्यांनी एक ओळ लिहिली नव्हती, त्यांना ध्वजाविषयी लिहायला रकाने मिळाले.

सरकार आणि गाव जोडीने चालतात, असाही प्रकार असतो. २०१२ साली पालघरच्या दोन तरुण मुलींना मुंबई बंदविषयीच्या फेसबुकवरच्या चार ओळींसाठी अटक झाली आणि त्यांतल्या एकीच्या काकांचा दवाखाना जमावाने फोडला. अटक ज्या ६६-अ कलमाखाली झाली ते २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने रद्द केले. १२४-अ सुद्धा २०२२ साली स्थगित झाले आणि १ जुलै २०२४ पासून जुनी दंडसंहिताच गेली. नव्या संहितेचे १५२ वे कलम मात्र त्याच्या जागी येऊन बसले आहे. कलमे येतात-जातात. दवाखाना फोडणाऱ्या हाताला कलम क्रमांक नसतो. अमेरिकेतही जमावाने केलेला खून हा मध्यवर्ती कायद्याने वेगळा गुन्हा ठरायला २०२२ साल उजाडले. आयडा वेल्सला पुलित्झरचा मान २०२० साली, मृत्यूनंतर एकोणनव्वद वर्षांनी मिळाला.

महाडला परत येतो. डिसेंबर १९२७ च्या परिषदेला गावात कोणी जागा देईना. फत्तेखान ह्या मुसलमान गृहस्थाच्या जमिनीवर मांडव पडला. तळ्याचे पाणी घेण्याला कोर्टाची मनाई आडवी आली. मनुस्मृती जाळण्याला आली नाही. २५ डिसेंबरच्या रात्री ती जळली. ठराव मांडणारे गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे जन्माने ब्राह्मण होते. त्याच वर्षी सरकारने धर्मभावना दुखावण्याचे २९५-अ हे कलम दंडसंहितेत घातले होते. परक्या सरकारच्या काळात, मनाईहुकूम हातात असताना, आपल्या माणसांना एवढे बोलता आले.

साठ वर्षांनी, आपल्या सरकारच्या काळात, महाराष्ट्र शासनाने बाबासाहेबांच्या ग्रंथांचा चौथा खंड काढला. 'रिडल्स इन हिंदुइझम'. राम आणि कृष्ण यांवरच्या प्रकरणावरून ओरड झाली आणि शासनाने माघार घेण्याची तयारी केली. १९८८ साली मुंबईत दलित जनता रस्त्यावर उतरली तेव्हा प्रकरण राहिले. राहिले ते एका तळटिपेसह: ह्या प्रकरणातील मतांशी शासन सहमत नाही. घटनेचा मसुदा करणाऱ्याच्या ग्रंथात, शासनाच्याच छापखान्यातून, ती टीप आजही त्या पानावर आहे.